मुल्किया

दुसऱ्यांचे खिसे मी नीट तपासतो.
सतरा वर्षांत काय काय निघालं त्यांतून:
बैसांची चिल्लर, तुटलेली तस्बीह,
दवाखान्याची चिठ्ठी, एकदा दुधाचा दात,
कागदात गुंडाळलेला.
ज्याचं त्याला परत दिलं.
माझ्याच शर्टाचा खिसा तेवढा राहिला.

गुरुवारची रात्र. शुक्रवारच्या नमाजासाठी
निम्मं सहम दिशदाशे टाकून जातं लॉन्ड्रीत.
त्या घाईत स्वतःचा शर्ट फळीवर घेतला,
इस्त्री फिरली आणि अडली.
जळक्या कंगव्याचा वास.
खिशातून निघालं ते पापडासारखं वाकडं;
'खल्फान बिन' एवढं शाबूत,
पुढचं बापाचं नाव वितळलेलं.

मुल्किया म्हणतात तिला इथं, गाडीच्या मालकीचं कार्ड.
नवा होतो तेव्हा रस्त्यात पोलिसानं मागितली,
मला वाटलं मुलूख विचारतोय.
कुडाळ, म्हणालो.
बराच वेळ हसला तो.

बायको फोनवर म्हणाली,
'गाडी तुमची नाय, कागद तुमचो नाय,
मगे तुमची झोप कित्याक उडली?'
तिला काय सांगू, पिकअप उभी राहिली
की अर्ध्या गावाचे कपडे बसून राहतात.

नवीन कार्डाला मालक समोर लागतो.
मुहन्नदनं वडलांना आणलं हाताला धरून.
अरबाब खल्फान, डोक्यावर कुम्मा,
अंगावर मीच कडक केलेला दिशदाशा.
अलीकडे ते घराचं दार विसरतात,
माशांची नावं नाही विसरत.

काउंटरवरच्या पोरीनं ते वितळलेलं कार्ड
पालीची शेपटी धरावी तसं दोन बोटांत धरलं.
'अरबाब, गाडी तुमची ना?'
त्यांनी माझ्याकडे पाहिलं, निवांत.
'नाही. लवूची.'

हॉलमधला एसी ऐकू येऊ लागला.
मुहन्नद म्हणाला, बाबा विसरतात.
ती म्हणाली, मालकच नाही म्हणतो,
मी छापू काय?

मग मी माझं सगळं मोडकं अरबी खर्चलं.
नाही अरबाब, तुमची. तुम्ही घेतलीत.
त्या साली तारली उदंड लागली होती,
शोरूममध्ये गेलात ते पायांना वाळू घेऊन.
पांढरी मळेल म्हणाला सेल्समन,
तुम्ही माझ्याकडे बोट केलंत: धुणारा आहे.

'पेट्रोल कोण भरतं?'
मी.
'टायर?'
मीच.
'मग?'

या 'मग'ला अरबीत काय उत्तर असतं
मला माहीत नाही. मालवणीतही नाही.
तरी तुमची, म्हणालो.
आणखी एकदा म्हणालो, तेव्हा घसा सुकला होता.
मागचा माणूस टोकन चाळवत होता.

'बरं,' म्हणाले ते, रुसलेल्या पोराच्या हातातून
खेळणं घ्यावं तसं, 'लवू म्हणतो तर माझी.'
आणि अंगठा टेकवला.

कार्ड छापून आलं. गरम होतं,
ताज्या घडीसारखं. पूर्ण नाव, बापासकट.
रंग: पांढरा.

मुहन्नदला कामावर जायचं होतं,
म्हणून घरी सोडायला मीच घेतलं त्यांना.
मागे गाठोडी, शेजारी अरबाब,
खिडकीतून सुकवलेल्या मासळीचा वास.
गोल चौकाशी त्यांनी डॅशबोर्डवरून हात फिरवला,
'चांगली आहे. कुणाची?'
मी गिअर बदलला.

इस्त्री मिठावर घासली, मेण लावलं, पुन्हा मीठ.
टोकाशी एक डाग राहिलाय,
एखाद्या अक्षराच्या पोटाएवढा.
पांढऱ्या कपड्यांना ती लावत नाही आता.
काळ्या अबायांना चालते.